नॉर्म मिळालाय ना? मग आधी तो कागद हातात घ्या

ताई, तुमची पोस्ट सकाळी गाडीत वाचली आणि ठाण्यापासून सीएसएमटीपर्यंत डोक्यात तेच. मुलगी 15 वर्षांची, बुद्धिबळातलं रेटिंग 2240, गेल्या महिन्यात युरोपातल्या एका खुल्या स्पर्धेत पहिला आयएम नॉर्म (म्हणजे ग्रँडमास्टरच्या खालच्या इंटरनॅशनल मास्टर किताबाच्या तोडीची एका स्पर्धेतली कामगिरी, असे तीन लागतात), आणि तुमचा प्रश्न असा की दहावीनंतर कॉलेज नावापुरतं ठेवून ग्रँडमास्टर किताबाच्या मागे पूर्ण वेळ लागावं का. त्यावर इथे बरंच लिहून झालंय. पण तुम्ही शेवटी जाता जाता लिहिलंय, "नॉर्मचं सर्टिफिकेट मेलवर पाठवतो म्हणाले, पाच आठवडे झाले, येईल." बाकी सगळं सोडून मी त्या 'येईल'पाशी थांबलो. आमच्या घरीही असंच एक 'येईल' होतं. ते यायला चौदा महिने लागले.

2017चा ऑगस्ट. मुलगा सतरा वर्षांचा, पहिला नॉर्म खिशात. शेवटची फेरी सकाळी, बक्षीस समारंभ दुपारी, आणि आमचं परतीचं विमान त्याच संध्याकाळी, तेही तीन तासांवरच्या विमानतळावरून. तिकीट मीच काढलं होतं. दुसऱ्या दिवशीच्या तिकिटापेक्षा बारा हजारांनी स्वस्त म्हणून. हा माझा शहाणपणा.

शेवटचा डाव बरोबरीत सुटला आणि दुसरा नॉर्म झाला. मुख्य पंच बक्षिसांच्या याद्यांत बुडालेले. म्हणाले, "मेल करतो." मी हसून मान डोलावली, हात मिळवला, त्यांच्यासोबत मुलाचा फोटो काढला आणि टॅक्सीत बसलो. फोटो आजही आहे. अगदी छान आलाय.

दोन महिन्यांनी, चार वेळा आठवण केल्यावर, फॉर्म आला. या फॉर्मला आयटी-वन म्हणतात, हे तुम्हाला ठाऊक असेलच. त्यात प्रत्येक प्रतिस्पर्ध्याची एक ओळ असते: नाव, देश, किताब, रेटिंग, निकाल. नऊ डावांच्या आयएम नॉर्मला किमान तीन प्रतिस्पर्धी आयएम किंवा जीएम, म्हणजे ग्रँडमास्टर, लागतात. आमचे बरोबर तीन होते. फॉर्मवर त्यातल्या एकाच्या किताबाचा रकाना कोरा! म्हणजे पटावर नॉर्म झाला होता आणि कागदावर नव्हता. मी तिथे असतो तर पाच मिनिटांत दाखवून तिथल्या तिथे दुरुस्त करून घेतलं असतं.

पुढे पंचांची उत्तरं बंद झाली. मग इकडचं एक कार्यालय. कुठलं ते विचारू नका, माणसं आता बदललीत आणि मला जुनी भांडणं उकरायची नाहीत. पण तिथे मी अकरा खेपा घातल्या, प्रत्येक खेपेला अर्धी रजा. एकदा "फॉर्म चुकीचा आहे, दुरुस्त करून आणा." दुरुस्तीची विनंती तुमच्याकडून जाईल का, तर "ते आमचं काम नाही." एकदा "साहेब दौऱ्यावर." एकदा आधी दिलेली फाइलच सापडेना. एका खेपेला तिथल्या गृहस्थांनी मला समजावलं की मुलगा चांगला खेळतोय ना, मग किताबाची एवढी घाई कशाला! मी खाली उतरून दोन कटिंग प्यायलो आणि परत ऑफिसला गेलो.

तिसरा नॉर्म जानेवारी 2018मध्ये झाला, मार्चमध्ये रेटिंगने 2400 ओलांडलं, ही किताबाची उरलेली अट. सगळं पूर्ण, फक्त मधला एक कागद अडकलेला. जूनमध्ये पदवीच्या प्रवेशाला खेळाडूंच्या जागेसाठी किताबाचं प्रमाणपत्र मागितलं. नॉर्म म्हणजे काय हे काउंटरवर समजावून सांगून मी थकलो, जागा गेली. आयएमला बरेच आयोजक प्रवेश फी माफ करतात, कधी राहायची सोयही करतात. आम्ही सगळीकडे पूर्ण पैसे भरत होतो.

पण पैसे आणि जागा यापेक्षाही महागात पडली ती माझी पुढची कल्पना. मी मुलाला म्हणालो, चौथा नॉर्म मारून टाक, म्हणजे तो फॉर्म लागणारच नाही. ऐकायला सोपं वाटतं. मग तो प्रत्येक डाव नॉर्मचा हिशोब करत खेळायला लागला. बरोबरी घ्यायच्या स्थितीत जिंकायला जायचा आणि हरायचा. काही महिन्यांत 2410 चा 2368 झाला. 2400 एकदा ओलांडलं की के-फॅक्टर, म्हणजे एका डावाने रेटिंग किती हलतं ते ठरवणारा आकडा, 10 वर येतो, त्यामुळे गमावलेले गुण परत चढायला फार वेळ लागतो. ते 42 गुण भरून निघायला दोन वर्षं गेली. खेळातली मजा परत आली की नाही, ते त्यालाच माहीत. मी विचारत नाही.

शेवटी मुलाच्या कोचच्या ओळखीच्या, त्याच देशातल्या एका पंचांनी दोन फोन करून दुरुस्त फॉर्म मिळवून दिला. तेव्हा कळलं की फिडेच्या, म्हणजे जागतिक बुद्धिबळ संघटनेच्या, नियमांत या सर्टिफिकेटच्या तीन प्रती करायला सांगितलंय: एक खेळाडूला, एक त्याच्या देशाच्या संघटनेला, एक आयोजक देशाच्या संघटनेला. आणि खेळाडूने स्पर्धा सोडण्याआधी ते मागून घ्यावं, अशी शिफारसही तिथेच लिहिली आहे. मी वाचलं नव्हतं.

म्हणून आज रात्रीच मेल करा. मुख्य पंच, आयोजक आणि त्या देशाची संघटना, तिघांना एकत्र. नऊ ओळींचा तक्ता तुम्हीच भरून जोडा, फिडे आयडीसकट, म्हणजे त्यांना फक्त ताडून सही करायची राहते. किताब आणि रेटिंग स्पर्धेच्या वेळचं घ्या, आजचं नाही. नॉर्म शिळा होत नाही, तेव्हा घाबरू नका, पण स्वस्थही बसू नका. किताबाचा अर्ज आपल्या संघटनेमार्फतच जातो, त्यामुळे कागद आधी तुमच्या हातात हवा. आणि पुढे 2400 स्पर्धेच्या मध्येच ओलांडलं, दोन डावांपुरतं का होईना, तरी ते चालतं. त्याचाही पुरावा तेव्हाच घेऊन ठेवा.

आता कॉलेज. मी कोच नाही, एका आयएमचा बाप आहे, तेव्हा जरा पारखूनच घ्या. माझं मत, सोडू नका. गुकेश 12 वर्षं 7 महिन्यांचा असताना ग्रँडमास्टर झाला, हे वाचून आपण आईबाप कॅलेंडर घेऊन बसतो. आपल्या मुंबईचे प्रवीण ठिपसे ग्रँडमास्टर झाले 1997मध्ये, तेव्हा ते चाळिशीला टेकले होते. आनंद आणि दिव्येंदू बरुआ यांच्यानंतर भारताचे तिसरे. नागपूरच्या दिव्या देशमुखचा तर जीएमचा एकही नॉर्म नव्हता. 2025मध्ये जॉर्जियातल्या बातुमीला कोनेरू हम्पीला हरवून महिलांचा विश्वचषक जिंकली आणि किताब थेट मिळाला, भारताची 88वी ग्रँडमास्टर. पण हे उदाहरण मुलीसमोर योजना म्हणून ठेवू नका. तिनेही आधी 2021मध्ये डब्ल्यूजीएम (महिला ग्रँडमास्टर), 2023मध्ये आयएम असे टप्पे घेतलेच होते. जीएम नॉर्मला 2600 रेटिंगच्या तोडीची कामगिरी लागते, म्हणजे सरासरी 2380च्या प्रतिस्पर्ध्यांसमोर नवांपैकी सात गुण. 2240वरून तिथे पोचायला कॉलेजचे तास अडवत नाहीत, निदान अकरावी-बारावीचे तरी नाहीत. हजेरीवर अडून बसणारं कॉलेज मात्र टाळा. प्रवेशाआधी प्राचार्यांना भेटून स्पर्धांच्या रजेचं लेखी घ्या.

आणखी एक, मे महिन्यातल्या स्पर्धांसाठी व्हिसाची वेळ फेब्रुवारीतच बघा, नंतर मिळत नाही. छोटा कुकर, तांदूळ आणि मेतकूट बरोबर ठेवा. फेरीआधी अनोळखी जेवणाने पोट बिघडून गेलेले डाव मी मोजलेत. परतीचं तिकीट दुसऱ्या दिवशीचं, कितीही महाग पडलं तरी.

फॉर्म आला की मुलीचं नाव झाकून इथे टाका किंवा मला निरोप करा. नऊ ओळी मी तपासून देतो, किताबाच्या रकान्यापासून सुरुवात करून.