नकलेवरच्या तीन तारखा

कोलशेतचे एक वाचक लिहितात: साडेतीन गुंठ्यांवरचा मालकीचा आणि ताब्याचा दावा चुलतभावाने ठाण्याच्या कनिष्ठ स्तर न्यायालयात जिंकला. जमीन अजून आमच्याकडेच आहे, सातबाऱ्यावर नाव आमचं आहे. अपिलाला नव्वद दिवस असतात ना?

अशी पत्रं नेहमी येतात. गाव बदलतं, गुंठे बदलतात, नव्वद दिवस मात्र तेच.

नव्वद दिवस उच्च न्यायालयातल्या अपिलाला. तुमच्या दाव्याचं मूल्यांकन चार लाख, म्हणजे अपील कोर्ट नाक्यावरच्या जिल्हा न्यायालयात, आणि तिथे मुदत 30 दिवसांची.

आता तुम्ही पाठवलेल्या नकलेचं, म्हणजे निकालाच्या प्रमाणित प्रतीचं, शेवटचं पान काढा. शिक्क्यात तीन तारखा आहेत: नकलेसाठी अर्ज 20 जानेवारी, नक्कल तयार 3 फेब्रुवारी, नक्कल दिली 24 एप्रिल. निकाल 10 जानेवारीचा. मुदत कायद्याच्या कलम 12 प्रमाणे पहिल्या दोन तारखांमधले 15 दिवस वजा होतात, तिसरी तारीख कोणी मोजत नाही. 9 फेब्रुवारीला संपणारी मुदत त्यामुळे 24 फेब्रुवारीपर्यंत लांबली आणि तिथेच संपली. तुमचं पत्र 12 मेचं. 77 दिवस उशीर झालाय. नक्कल तयार होऊन 80 दिवस खिडकीमागे पडून होती आणि तुम्ही म्हणता, वकिलांनी कळवलं नाही. एक फोन तुम्हीही करू शकला असता. मे महिन्याच्या सुट्टीचाही आधार नाही. मुदत सुट्टीत संपली असती तर कोर्ट उघडल्या दिवशी दाखल करता आलं असतं.

तेव्हा अपिलासोबत त्याच कायद्याच्या कलम 5 खाली विलंब माफीचा अर्ज आलाच. सर्वोच्च न्यायालयाने 1987 मध्ये अनंतनागच्या भूसंपादन प्रकरणात सांगितलं, की दिवसादिवसाचा हिशेब मागताना कोर्टाने हट्टीपणा करू नये. त्यावर फार विसंबू नका. हल्ली कोर्ट निष्काळजीपणाला सहज माफी देत नाही. तुम्ही लिहिलेली मुलीच्या लग्नाची धावपळ खरी असेल तर पत्रिका जोडा, तारखांसह लिहा. ओळखीच्या डॉक्टरकडून आजारपणाचा दाखला मात्र आणू नका. समोरचा वकील तुम्हाला हळदीच्या फोटोत दाखवेल आणि अर्ज तिथेच संपेल.

आणि अपील दाखल झालं म्हणजे ताबा वाचला असं नाही. दिवाणी प्रक्रिया संहितेचा आदेश 41, नियम 5 स्पष्ट आहे: नुसत्या अपिलाने हुकूमनाम्याची, म्हणजे निकालावरच्या कोर्टाच्या आदेशाची, अंमलबजावणी थांबत नाही, स्थगिती वेगळी मागावी लागते. मुदतीत असतात तर निकाल देणाऱ्या कोर्टाकडेही ती मागता आली असती. आता ते दार बंद. चुलतभावाने दरखास्त, म्हणजे अंमलबजावणीचा अर्ज, दाखल केली असेल तर निकालाला दोन वर्षं झाली नसल्याने नोटीस येईलच असं धरू नका. थेट बेलिफ, म्हणजे कोर्टाचा कर्मचारी, ताब्याचं वॉरंट घेऊन दारात उभा राहू शकतो. दरखास्त नोंदली आहे का, हे आजच पाहून या. विलंब माफीच्या नोटिसा बजावण्यातच कित्येक तारखा जातात, हे मी रोज पाहतो, म्हणून स्थगितीचा अर्ज त्याच दिवशी द्या आणि तातडीची सुनावणी मागा.

सातबाऱ्याबद्दल थोडक्यात: ती महसुलाची नोंद आहे, तिच्याने मालकी सिद्ध होत नाही. ट्रंकेत आता सापडलेलं आजोबांचं वाटणीपत्र अपिलात दाखल होईल का? आदेश 41, नियम 27 वाट ठेवतो, पण नीट शोधूनही ते आधी मिळालं नव्हतं हे पटवावं लागेल. ते नोंदणीकृत आहे की साध्या कागदावरचं, हे पाहिल्याशिवाय मी त्याच्या जोरावर काही सांगणार नाही. बारा वर्षांच्या कब्जामुळे मालकी मिळते हा मुद्दाही भावकीत सहसा टिकत नाही. बाकी पुरावा जिल्हा न्यायालय पुन्हा तपासू शकतं, तेच त्याचं काम. पुढे उच्च न्यायालयात दुसरं अपील फक्त कायद्याच्या महत्त्वाच्या प्रश्नावर चालतं, त्यामुळे साक्षीपुराव्यावर बोलायची जागा हीच.

नक्कल, वाटणीपत्र, पत्रिका आणि जुन्या वकिलांची ना-हरकत घेऊन या आठवड्यात कोर्टात जा. बेलिफ आधी आला तर त्याच्याशी हुज्जत घालू नका; पंचनाम्यावर सही करताना ‘अपील प्रलंबित’ असं लिहाल, तर त्या वेळी ते खरं असू द्या.