प्रेशर गेजवरचा क्लास म्हणजे नक्की काय

अरे डायलवर खाली बारीक अक्षरात सीएल 1.6 असं लिहिलेलं असतं ना, तो ॲक्युरसी क्लास, आणि नवीन पोरं हमखास तो रीडिंगच्या टक्क्यात धरतात, तसं नाहीये, तो फुल स्केलचा, म्हणजे डायलवरच्या सगळ्यात मोठ्या आकड्याचा टक्का असतो. म्हणजे 0 ते 10 बारचा गेज असेल तर एरर अधिक-उणे 0.16 बार, काटा 8 वर असो नाहीतर 2 वर. आता 2 बारवर 0.16 म्हणजे सरळ 8 टक्के झाले की! म्हणून लाइनला 2 बार असतील तर 10 चा गेज नको लावूस, 0 ते 4 चा घे, तिथं तोच क्लास 0.064 बारवर येतो. पण फार लहान रेंजही नको, स्थिर प्रेशर असेल तर फुल स्केलच्या 75 टक्क्यांपर्यंत आणि पंपासारखं धडधडणारं असेल तर 65 पर्यंतच चालव, नाहीतर आतली बोर्डन ट्यूब, म्हणजे प्रेशरनं वाकून काटा हलवणारी वळलेली नळी, लवकर थकते. आणि हो, शून्याला स्टॉप पिन, म्हणजे काटा त्याखाली जाऊ न देणारी खीळ, असलेल्या गेजचा काटा शून्यावर टेकलाय म्हणून गेज बरोबर आहे असं समजू नकोस, कॅलिब्रेशनला पाठवच.