खटला ‘लांबला’ की ‘लांबवला’?

सोलापुरात एका दैनिकासाठी कोर्टाच्या बातम्या लिहिणाऱ्या वाचकाची विचारणा आहे. ‘आरोपीने खटला सहा वर्षे लांबवला’ या त्यांच्या वाक्याला आरोपीच्या वकिलांनी हरकत घेतली, ‘लांबला’ लिहा म्हणाले. दोन्हींत एवढा फरक आहे का?

आहे. ‘लांबणे’ अकर्मक, तिथे दोष कोणाच्या माथी येत नाही. ‘लांबवणे’ प्रयोजक, म्हणजे मागे कोणाचा तरी हात आला. आणि जलद सुनावणीचा हक्क मागितला की न्यायालय नेमकं हेच तपासतं: उशीर झाला तो कोणामुळे?

हा हक्क राज्यघटनेच्या अनुच्छेद २१ मधून, म्हणजे जीविताच्या आणि व्यक्तिस्वातंत्र्याच्या हक्कातून येतो. १९७९ च्या हुसैनारा खातून प्रकरणात बिहारच्या तुरुंगांतले कच्चे कैदी सर्वोच्च न्यायालयासमोर आले. त्यांतल्या काहींनी गुन्ह्याला असलेल्या कमाल शिक्षेपेक्षाही जास्त काळ खटल्याविना काढला होता. पुढे अंतुले प्रकरणात १९९१ साली पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने कसोट्या घालून दिल्या. वर्षांची ठरावीक मर्यादा घालायला पीठाने नकार दिला. स्वतः केलेल्या उशिराचा फायदा आरोपीला घेता येत नाही. मात्र हक्कासाठी प्रामाणिकपणे वरच्या कोर्टात जाणं म्हणजे खटला लांबवणं नव्हे. ‘लवकर चालवा’ असा अर्ज कधी दिला नाही, एवढ्यावरूनही त्याचा हक्क बुडत नाही. ही बाजू बातम्यांत फार क्वचित येते, ती यायला हवी.

कोणामुळे, याचं उत्तर रोजनाम्यात, म्हणजे प्रत्येक तारखेला काय घडलं याच्या कोर्टाच्या नोंदवहीत असतं. ‘आरोपी क्र. १ हजर. क्र. २ गैरहजर, हजेरी माफीचा अर्ज, मंजूर. साक्षीदार गैरहजर. तहकूब.’ अशा नोंदीवरून ‘आरोपीमुळे तारीख पडली’ म्हणणं चूक. माफी मंजूर होती, वकील असतील तर साक्ष होऊ शकली असती. अडलं ते साक्षीदारापाशी. याउलट साक्षीदार बार्शीहून येऊन बसला आहे आणि ‘उलटतपासाला वेळ द्यावा’ असा अर्ज बचावाकडून तारखेमागून तारखेला पडतो आहे, तिथे ‘लांबवला’ शोभतं. ई-कोर्ट्सच्या संकेतस्थळावर सोळा अक्षर-अंकांचा सीएनआर क्रमांक (प्रत्येक खटल्याचा स्वतंत्र ओळख क्रमांक) टाकला की तारखांचा इतिहास आणि प्रत्येक तारीख कशासाठी होती ते दिसतं. क्रियापद निवडण्याआधी तेवढं पाहावं.

मराठीत मधल्या छटाही आहेत. न्यायवैद्यक अहवाल आला नाही, न्यायाधीशांची जागा रिकामी आहे, तर खटला ‘रखडला’. कोणीच काही हलवत नाही, तर ‘रेंगाळला’, किंवा आपल्याकडचं सरळ ‘भिजत घोंगडं’. ‘तारीख पडली’, ‘तारीख दिली’, ‘तारीख घेतली’ हेही एक नव्हेत. ‘घेतली’ म्हटलं की मागणारा ठरला.

या शब्दांवर माणसाची सुटका अवलंबून असते, म्हणून एवढा आग्रह. भारतीय नागरिक सुरक्षा संहितेचं (जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेच्या जागी आलेला कायदा) कलम ४७९ पाहा. कमाल शिक्षेचा निम्मा काळ कच्च्या कैदेत गेला, तर आरोपीला जामीन मिळू शकतो. याआधी कधी दोषी न ठरलेल्याला तो एक तृतीयांश काळानंतरच. (फाशी किंवा जन्मठेपेची तरतूद असलेले गुन्हे आणि एकाहून जास्त खटले प्रलंबित असलेले आरोपी यातून वगळले आहेत.) हा काळ मोजताना आरोपीने स्वतः लावलेला उशीर वजा होतो. लांबलेला वजा होत नाही, लांबवलेला होतो.

तेव्हा रोजनाम्यात आधार असेल तर वाक्य असं करा: ‘सहा वर्षे चाललेल्या या खटल्यात आरोपीच्या अर्जावरून इतक्या वेळा तहकुबी मिळाली.’ आकडा नोंदीतून घ्यावा. आधार नसेल तर वकिलांचं बरोबर, ‘लांबला’.

याच बातम्यांत ‘फरार’ही सैल वापरला जातो. एका तारखेला न आलेला आरोपी गैरहजर. वॉरंट निघूनही सापडत नाही, मग कोर्ट उद्घोषणा काढतं, हजर व्हायला किमान ३० दिवस देतं, आणि तरीही तो येत नाही, तेव्हा ‘फरार घोषित’ लिहायला हरकत नाही.