आजोबांना आज काय हवंय?

प्रिय मित्रा,

तुझा पटकथेचा खर्डा दोनदा वाचला. वीस पानं, एक आजोबा, एक खिडकी आणि अमेरिकेत एक मुलगा. ‘होम’ हा मल्याळम सिनेमा बघून हे सुचलं, पण लिहून झाल्यावर तुलाच ते खोटं वाटायला लागलं आणि का ते कळत नाही, असं तू म्हणतोस. कारण साधं आहे. वीस पानांत तुझ्या आजोबांना काहीच नको आहे. मुलाचा फोन यावा, एवढंच. फोनची वाट बघत बसलेला माणूस कॅमेऱ्यासमोर काय करणार? खिडकीशीच बसणार.

म्हणून पहिला आणि शेवटचा प्रश्न: त्यांना आज काय हवंय? आयुष्यात काय हवं होतं, ते राहू दे. आज, संध्याकाळच्या आत, हाताने धरता येईल असं काय हवंय?

‘होम’ पुन्हा बघ, आणि या वेळी डोळे पुसत बघू नकोस, वही घेऊन बस. रोजिन थॉमसचा हा सिनेमा २०२१ च्या ऑगस्टमध्ये, ओणमच्या सुमारास, थेट प्राइम व्हिडिओवर आला. त्यातला ऑलिव्हर ट्विस्ट (नाव इंग्रजी कादंबरीतलं, माणूस अस्सल मल्याळी) एकेकाळी व्हिडिओ कॅसेटची लायब्ररी चालवायचा. थोरला अँटनी दिग्दर्शक आहे आणि दुसऱ्या सिनेमाच्या पटकथेत अडकलाय. धाकटा चार्ल्स घरातच असतो, पण मान खाली, फोनमध्ये. आणि ऑलिव्हरला काय हवंय? त्याला स्मार्टफोन वापरता यायला हवाय. पोरांची नजर जिथे खिळलीय तिथे आपणही असावं, एवढ्यासाठी. मुलांचं प्रेम तो तोंडाने मागत नाही. फोन कसा चालवायचा ते विचारतो.

यातली कारागिरी ओळख. प्रेम मागण्याला पायऱ्या नसतात. फोन शिकायला असतात: हातात घेणं, उघडणं, खातं काढणं, चुकणं, पुन्हा विचारणं, आणि ‘आत्ता नको’ हे उत्तर ऐकणं. प्रत्येक पायरीवर एक प्रसंग आपोआप उभा राहतो आणि प्रत्येक प्रसंगात मुलगा उघडा पडतो. लेखकाला वेगळं भाष्य करावं लागत नाही.

पुढे त्याच फोनमुळे ऑलिव्हरच्या हातून नकळत लाइव्ह प्रक्षेपण सुरू होतं आणि अँटनीचं भलतंच बोलणं जगजाहीर होतं. हे तू नीट पाहिलेलं दिसत नाहीस. म्हाताऱ्या माणसाला काही हवं असलं की त्याच्या हातून कुणाचं तरी नुकसानही होऊ शकतं. तुझे आजोबा वीस पानं निरपराध आहेत. निरपराध माणसाची कीव येते, त्याच्याशी भांडता येत नाही. आणि ज्याच्याशी भांडता येत नाही तो घरातला कसला?

अजून एक. ऑलिव्हरचे वडीलही त्याच घरात आहेत, त्यांचं आठवणींचं दप्तर विस्कटलेलं. म्हणजे ऑलिव्हर बापही आहे आणि मुलगाही. त्याने काही न बोलता अँटनीपुढे मुलगा असण्याचा एक नमुना रोज उभा असतो. तुझे आजोबा नुसते आजोबा आहेत. त्यांना कुणाचा तरी भाऊ कर, देणेकरी कर, मित्र कर.

‘होम’चा शेवट मात्र मला पटत नाही. ऑलिव्हरने तरुणपणी केलेली एक असामान्य गोष्ट उघड होते आणि मुलाच्या नजरेत बाप मोठा होतो. लोकांना ते भिडलं, मलाही भिडलं. पण बापाची किंमत कळायला त्याच्या खात्यावर एखादा पराक्रम असावाच लागतो का? फोन शिकू पाहणारा तो माणूस तेवढाच पुरेसा होता. तू तुझ्या आजोबांना सतराव्या पानावर स्वातंत्र्यसैनिक केलंयस. काढ ते. आजच काढ.

तुला वाटेल, एका सिनेमावरून मी नियम काढतोय. मग ‘अँड्रॉइड कुंजप्पन’ हा दुसरा मल्याळम सिनेमा घे. तिथल्या म्हाताऱ्या भास्कर पोदुवाळला सगळं आपल्याच पद्धतीने हवं असतं आणि त्या हट्टापुढे त्याला सांभाळायला ठेवलेली माणसं टिकत नाहीत. ‘उळ्ळोळुक्क’ या मल्याळम सिनेमात पुराच्या पाण्याने वेढलेल्या घरात लीलाम्माला मुलाचं दफन आपल्याच कुटुंबाच्या जागेत करायचंय, म्हणून ती पाणी ओसरायची वाट बघते. वाट तिथेही आहे, पण त्या वाटेला जमीन आहे, पाण्याची पातळी आहे. आपल्या मराठी ‘अस्तु’तले शास्त्री स्मृती हरवल्यावरही हत्तीमागे चालत जातात. स्मृती जाते, हवं असणं जात नाही. हे मी अनेकांच्या खर्ड्यांच्या समासात लिहिलंय. काहींनी त्यानंतर मला खर्डे पाठवणंच बंद केलं. त्याचं वाईट वाटतं, पण मत बदललेलं नाही. माझ्या जुन्या वह्यांतही खिडकीशी बसलेले म्हातारे पुष्कळ आहेत आणि त्यातला एकही जिवंत झाला नाही.

आता हात. तू लिहिलंयस, ‘आजोबा थरथरत्या हाताने फोन उचलतात.’ हे कुणीही लिहील. बघून लिही. वयस्कर माणूस बहुधा फोन डाव्या तळव्यावर आडवा ठेवतो आणि उजव्या हाताच्या तर्जनीने दाबतो, अंगठ्याने नाही. बोट कोरडं असलं तर पडदा दाद देत नाही, म्हणून तो जोर लावतो आणि बोट उचलायला वेळ घेतो. फोनला वाटतं, दाबून धरलंय. भलतीच यादी उघडते. तो घाबरून पुन्हा दाबतो, आणखी काहीतरी उघडतं. एवढ्यात नातू म्हणतो, ‘द्या इकडे,’ आणि दोन सेकंदांत करून देतो. आजोबा शिकत नाहीत, कारण बोट कुठे गेलं ते त्यांना दिसलेलंच नसतं. हा प्रसंग दीड पान धरून लिही. संवाद चारच.

कान. वयामुळे ऐकू कमी येतं तेव्हा सहसा आधी उंच पट्टीचे आवाज जातात: स, श, फ यांसारखी व्यंजनं. स्वर ऐकू येतात, शब्द निसटतो. म्हणून ‘ऐकू येतं, पण कळत नाही’ ही तक्रार खरी असते. तुझ्या खर्ड्यात सगळे ओरडतात. ओरडून स्वर मोठा होतो, व्यंजन नाही. समोर येऊन, तोंड दिसेल असं, सावकाश बोलणारी एकच व्यक्ती घरात ठेव. ती कोण, यावरून नातं कळेल.

उठणं. खुर्चीच्या हातांवर जोर, उभं राहिल्यावर क्षणभर थांबणं (एकदम उठलं की रक्तदाब उतरतो, डोळ्यांपुढे अंधारी येते), मग पहिलं पाऊल. संकलनात हा थांबा कापू नकोस.

नट खऱ्या वयाचा घे. ‘होम’ आला तेव्हा ऑलिव्हर झालेला इंद्रन्स साठीच्या पुढे होता. शिवणकामातून, सिनेमाच्या कपडेपटातून आलेला, वर्षानुवर्षं अंगकाठीवरच्या विनोदासाठी वापरला गेलेला नट. मुलांसमोर तो स्वतःला थोडा आक्रसून घेतो आणि ते मेकअपने येत नाही. राष्ट्रीय पुरस्कारांत त्याचा विशेष उल्लेख झाला, सिनेमाला सर्वोत्कृष्ट मल्याळम चित्रपटाचा मान मिळाला. सुराज वेंजारमूडने चाळिशीत पोदुवाळ केला, हे खरं, पण तेवढा मेकअपवाला आणि तेवढा नट तुझ्याकडे नाही. ज्येष्ठ नटाची अवघड कामं सकाळी उरक, दुपारी त्याला आडवं होऊ दे, लांब संवाद एका दमात मागू नकोस.

वीस पानांची चौदा कर. पहिल्या पानावर वरच लिही: ‘आज यांना ___ हवंय.’ रिकामी जागा एका वस्तूने भर. ‘माया’, ‘आधार’, ‘सोबत’ चालणार नाही. चष्म्याची दांडी चालेल, रेडिओचा सेल चालेल, बँकेतली सही जुळणं चालेल. ते भरता आलं नाही तर पुढे लिहू नकोस.

आठव्या पानावर आजोबा सुनेची नजर चुकवून चहात तिसरा चमचा साखर घालतात आणि डब्याचं झाकण आवाज न करता लावतात, तेवढं तसंच ठेव. तिथे त्यांना काहीतरी हवं होतं. पंधरा तारखेपर्यंत पाठव, मी वाचतो.