अंक आणि चिन्हांवर चालणारी काल्पनिक जादू कशी रचावी?

तुम्ही लिहिलंय की कादंबरीसाठी १ ते ९ अंकांना अर्थ दिलेत, प्रत्येकाचं चिन्ह काढलंय, तरी जादू निर्जीव वाटते. एका दीर्घकथेसाठी मीही अशी जादू रचली आहे, म्हणून सांगतो: अर्थांची यादी बाजूला ठेवा आणि वाचकाला स्वतः करून बघता येईल असा हिशोब द्या.

छत्तीसचा आकडा घ्या. देवनागरीत ३ आणि ६ एकमेकांकडे पाठ करून बसतात, म्हणून भांडण. तेच अंक ६३ असे मांडले की तोंडाला तोंड. बेरीज दोन्हीकडे ९च, फरक सगळा आकृतीचा. माझ्या कथेत गावाच्या वेशीवर दोन दगड आहेत, एकावर ६, दुसऱ्यावर ३. एका रात्री कुणीतरी त्यांची अदलाबदल करतं. पुढे काय झालं असेल ते मराठी वाचकाला समजवावं लागत नाही.

मग अक्षरांना अंक देणारी आपल्याकडची कटपयादी पद्धत बघा. क, ट, प, य म्हणजे १, पुढची अक्षरं आपापल्या रांगेत क्रमाने २, ३, ४. काना-मात्रा-अनुस्वार मोजायचे नाहीत, आणि आलेले अंक उलटे वाचायचे. कर्नाटक संगीतातल्या ७२ मेळकर्ता (म्हणजे मूळ) रागांचे क्रमांक असेच नावाच्या पहिल्या दोन अक्षरांत दडवलेले आहेत: मेचकल्याणीचे म आणि च (क, ख, ग, घ, ङ नंतरचं सहावं) म्हणजे ५ आणि ६, उलटे ६५, आणि तो ६५वा मेळ. आता हाच नियम घेऊन वहीत शब्द मांडत बसा. राग, रोग आणि रंग, तिन्ही ३२! म्हणजे मांत्रिकाने संख्या बरोबर काढली तरी एका मात्रेच्या चुकीने रंगाच्या जागी रोग उतरणार. आणि मरण? ५२५. पुढून वाचा, मागून वाचा, तेच. माझ्या कथेत कुठलाही मंत्र उलटा म्हटला की सुटतो. हा एकच सुटत नाही. हे जुळलेलं दिसलं त्या रात्री मला झोप लागली नाही.

(खऱ्या आयुष्यात नावात जादा अक्षर घालून नशीब बदलतं असं मी मानत नाही. कथेत मात्र नियम पाळला की वाचक विश्वास ठेवतो.)

चूक कशी दाखवायची, यासाठी खजुराहोच्या पार्श्वनाथ मंदिरात कोरलेलं चौतिसा यंत्र चौकटीच्या वहीत उतरवा:

७ १२ १ १४
२ १३ ८ ११
१६ ३ १० ५
९ ६ १५ ४

आडवी, उभी, कर्णाने, शेजारच्या कुठल्याही चार घरांच्या चौकोनात, बेरीज ३४च. आता १३ आणि ८ यांची जागा बदला. ती ओळ आडवी मोजली तर अजून ३४ भरते! पण मधले दोन उभे स्तंभ २९ आणि ३९ झालेत, दोन्ही कर्णही तसेच बिघडलेत. फक्त आडवं मोजणारा शिष्य निर्धास्त झोपतो. एवढ्यावर एक प्रकरण उभं राहतं.

नायिकेचं नाव अजून ठरलं नाही म्हणालात. मग आधी संख्या ठरवा, नाव तिच्यातून काढा. माझ्या नायिकेचं नाव आधी मीरा होतं. ती वैद्याची मुलगी. नंतर मी तिचं नाव गौरी केलं, कारण ग आणि र म्हणजे २३, रोगाच्या ३२ची बरोबर उलटी.