टँकपुढं कॅमेरा घेऊन काय होतंय?

प्रश्न : सर, मी नांदेडला मास मीडिया शिकायलोय. लष्करी राजवटीत डॉक्युमेंट्री काढणं म्हणजे चळवळच, असं वर्गात कायम सांगतेत. पण फिल्मनं सरकार तर पडत नाही, मग जीव धोक्यात घालून शूटिंग कशाला करायचं?
– एक विद्यार्थी, नांदेड

उत्तर : नाही पडत, बरोबर आहे तुझं. पण लष्करी राजवटीचा पहिला धंदा म्हणजे जे झालं ते झालंच नाही म्हणणं, आणि तिथंच कॅमेरा आडवा येतो. चिलीचं बघ. डायरेक्टर पात्रिसियो गुझमानची चार-पाच जणांची टीम राष्ट्राध्यक्ष आयेंदेच्या निवडून आलेल्या सरकारचे शेवटचे महिने १६ एमएमवर शूट करत होती, कोरी फिल्मसुद्धा फ्रान्सहून फिल्मकार क्रिस मार्करनं पाठवलेली. ११ सप्टेंबर १९७३ ला जनरल पिनोशेच्या लष्करानं सत्ता बळकावली, गुझमानला सँटियागोच्या नॅशनल स्टेडियममध्ये डांबलं, पण रिळं लपवलेली होती, ती स्वीडनच्या दूतावासामार्फत जहाजानं देशाबाहेर गेली, एडिटिंग क्युबात झालं आणि 'बॅटल ऑफ चिली'चे तीन भाग १९७५ ते १९७९ दरम्यान आले. कॅमेरामन होर्हे म्युलरला मात्र १९७४ ला गुप्त पोलिसांनी उचललं, तो परत आलाच नाही. चिलीतल्या टीव्हीवर ही फिल्म लागायला २०२१ उजाडलं. पोस्टरवर डायरेक्टरचं नाव मोठं असतं, रिळं लपवणाऱ्याचं कुठंच नसतं, माझ्या मते अर्धी फिल्म त्याची.

दाखवणं ही पण चळवळच बरं का. अर्जेंटिनात ओंगानियाच्या लष्करी राजवटीत 'अवर ऑफ द फर्नेसेस' (१९६८) घराघरात, युनियनच्या हॉलमध्ये चोरून दाखवायचे आणि मधेच प्रोजेक्टर बंद करून लोकांना बोलायला लावायचे.

आणि आपलंच घे ना, पोलीस ॲक्शननंतर १९४९ संपेस्तोवर हैदराबाद संस्थानावर जनरल चौधरी लष्करी गव्हर्नर होते, मराठवाडा त्यातच. त्या काळाबद्दल मी जे काय ऐकलंय ते म्हाताऱ्यांच्या तोंडूनच, आणि प्रत्येक घरी वेगळं. फुटेज असतं तर निदान भांडायला काहीतरी हातात राहिलं असतं.

प्रश्न : आंदोलनात चेहरे दाखवावेत का? ब्लर केलं की फिल्म मेल्यासारखी वाटते.
– एक शिक्षिका, सेलू

उत्तर : ताई, वाटू द्या. २००७ ला बर्मात, म्हणजे आताच्या म्यानमारात, लष्करी राजवटीविरुद्ध भिख्खू रस्त्यावर उतरले तेव्हा डेमोक्रॅटिक व्हॉइस ऑफ बर्मा या नॉर्वेतून चालणाऱ्या बातम्यांच्या चॅनलची पोरं पिशवीत हँडीकॅम लपवून शूट करायची, फुटेज नॉर्वेतल्या ऑस्लोला जायचं आणि तिथून सॅटेलाइटनं परत बर्मातल्याच घरांत दिसायचं. भारी काम, पण तेच फुटेज पोलीसपण बघतात आणि माणसं ओळखतात. २०२१ ला लष्करानं पुन्हा सत्ता बळकावल्यानंतर आलेल्या 'म्यानमार डायरीज' या फिल्ममध्ये म्हणून डायरेक्टरांचीसुद्धा नावं नाहीत, नुसतं म्यानमार फिल्म कलेक्टिव्ह, चेहरे झाकलेले, तरी २०२२ ला बर्लिनच्या फिल्म फेस्टिव्हलला डॉक्युमेंट्रीचं बक्षीस मिळालं. नुसत्या चेहऱ्यावर जाऊ नका, आवाज, शर्ट, हातावरचं गोंदण, मागच्या दुकानाची पाटी, सगळ्यावरून माणूस सापडतो. आणि एवढं ब्लर करून मूळ क्लिप फोनमध्येच ठेवली तर तुम्हाला पकडलं की सगळेच गेले, ती आधी दुसरीकडं हलवा.