माणसाचा कुत्रा होतो तो 'द शॅगी डॉग': मुलांना जुना दाखवू की नवा?

दोन्ही बघितलेत, नवा तर भाच्याच्या हट्टापायी तीनदा. तरी माझं मत जुन्याला.

नवा २००६ चा. टिम ॲलन सरकारी वकील, कामापुढे घरादाराचं भान नसलेला. तिबेटातून पळवून आणलेला तीनशे वर्षांचा पवित्र कुत्रा त्याला चावतो आणि साहेब भर कोर्टात गुरगुरायला लागतात. इथवर ठीकठाक. खरी गंमत तो पुरता कुत्रा झाल्यावर येते. घरचे त्याच्यादेखत त्याच्याविषयी मोकळेपणी बोलतात, कुत्र्यापुढे कोण जीभ आवरणार? मुलाला फुटबॉल नकोय, गाण्याच्या नाटकात काम करायचंय, हे बापाला असं कळतं. कल्पना झकास, पण सिनेमाला तिथे थांबायला सवड नाही. लगेच प्रयोगशाळा, कुत्र्याच्या शेपटीचा साप, धावपळ. खलनायक रॉबर्ट डाउनी ज्युनिअर आहे, 'आयर्न मॅन'च्या दोन वर्षं आधीचा. थोरली मुलं त्याला बघूनच खूश होतील.

जुना १९५९ चा, कृष्णधवल. डिस्नेची ही पहिली लाइव्ह-ॲक्शन कॉमेडी. इथे कुत्रा होतो तो मुलगा. संग्रहालयातली एक जुनी अंगठी चुकून त्याच्याकडे येते, तिच्यावरचा लॅटिन मंत्र तो मोठ्यानं वाचतो आणि झालं! बाप फ्रेड मॅकमरे, निवृत्त पोस्टमन. जन्मभर दारोदारच्या कुत्र्यांनी भुंकून हैराण केलेला माणूस. आता घरात केसाळ धूड दिसल्यावर तो थेट बंदूकच काढतो. आपण मात्र जाणतो, ते धूड म्हणजे त्याचंच पोरगं. मॅकमरे चेहऱ्यावरची माशीही न हलवता हे सगळं करतो. मला हसू येतं ते त्याचंच. टिम ॲलन तोंडं फार वेडीवाकडी करतो.

मध्ये शेजारच्या हेरांचं प्रकरण जरा लांबतं, तेवढ्यात चहा टाकून या. पण कुत्रा मोटार चालवतो तेव्हा परत जागेवर असा.

'रंग कुठे गेले?' म्हणून मुलं सुरुवातीला कुरकुरतील. आमच्याकडचा भाचाही कुरकुरला. मग पट्ट्यापट्ट्यांचा पायजमा घातलेला तो कुत्रा दात घासायला लागला, आणि हा पठ्ठ्या सोफ्यावरून खाली.